रांजणातला हात

मेमाक्तेरिओन महिना, एकविसावा दिवस

फानियासनी सांगितलंय, आपापल्या चुका लिहून काढायच्या आणि थोड्या दिवसांनी आपणच वाचायच्या. कोरं पान आता कुठलं मिळायला? जुन्या पोथीच्या पाठीवर लिहितेय. पुढच्या बाजूला ढग कसे तयार होतात ते लिहिलेलं आहे. ढगांना म्हणावं, जरा दम धरा. माझ्या चुका तशा फार नाहीत. तोंड तिखट आहे, तेवढंच.

काल विसावी पार पडली. दर महिन्याच्या विसाव्या दिवशी आमच्या आद्यगुरू एपिक्युरसच्या आठवणीसाठी आम्ही बागवाल्यांनी, म्हणजे त्याच्या बागेत शिकणाऱ्यांनी, एकत्र जेवायचं, असं तो मरताना लिहून गेला. तेव्हापासून एकही विसावी चुकलेली नाही. कालही चुकली नाही, पण ताटात काय होतं? सातूचं पीठ पाण्यात कालवून त्याचे गोळे, आणि माणशी थोडे ऑलिव्ह. दारू नाही, मासा नाही.

बाग म्हणायची फक्त सवय राहिली आहे. खरी बाग वेशीबाहेर होती. ती रोमन सेनापतीने तोडली. अंजीर, डाळिंब, सगळं गेलं. तटाला धडका द्यायला त्याला लाकूड हवं होतं. मोठमोठे गुरू वेढा पडायच्या आधीच गलबतात बसून रोमला गेले आणि तिथे म्हणे मनःशांती शिकवतात. आम्ही चौघं मेलिते आळीतल्या या जुन्या घरात राहिलो. फानियास, जे आता आमचे गुरू म्हणायचे. म्हातारी हेदिस्ते, जिने मला एका श्रीमंताच्या स्वयंपाकघरातून विकत घेऊन मोकळं केलं आणि वाचायला शिकवलं. मी, मेलिन्ना, रांजणाची आणि चुलीची मालकीण. आणि लाम्पोन.

लाम्पोन बंदरावर मासे खारवायचा धंदा करायचा. पोट असं, की दारातून आधी पोट यायचं, मग तो. काल सुद्धा त्याने हसवून बेजार केलं. हेदिस्तेला खोकल्याची ढास लागली तर म्हणाला, "म्हातारे, एवढ्या जोरात खोकू नकोस, रोमनांना वाटेल आपल्याकडेही दगड फेकायची यंत्रं आहेत."

हसले मी. पण रांजण अर्ध्याच्या जरा वरच आहे, आणि थंडी आत्ता कुठे सुरू झाली. समुद्रापलीकडच्या राजाची मदतीची गलबतं आली नाहीत तर ते पीठ वसंतापर्यंत पुरवायचं आहे. नाही पुरलं तर आधी हेदिस्ते जाईल. हे मी इथे लिहिते, मोठ्याने बोलत नाही.

मेमाक्तेरिओन, सव्विसावा

आज वाटणी करताना हेदिस्ते म्हणाली, "माझं निम्मं मेलिन्नाला घाल. मला म्हातारीला काय करायचंय?"

फानियास एरवी आवाज चढवत नाहीत, आज चढवला. "या घरात कुणी दुसऱ्यापेक्षा कमी खाणार नाही. आपला वाटा सोडून थोर व्हायचं असेल तर पलीकडे त्या ओवरीवाल्या पंथाकडे जा, त्यांना कष्टाची हौस आहे. मित्राच्या उपाशी पोटावर मला जगायचं नाही. पुन्हा हा विषय नको."

 लाम्पोन बोटं चाटत म्हणाला, "मी तर बाबा सोडणार नाही माझा वाटा. मला थोर व्हायचं नाही, मला जाड व्हायचंय."

"अजून?" मी म्हटलं.

पीठ कोरडंच वाटते मी. ज्याने त्याने आपल्या वाडग्यात न्यायचं, पाण्यात कालवायचं, आपल्या जागी बसून खायचं. सरपण नाही, म्हणून चुलीची भानगडच नाही. भाजलेल्या सातूचं पीठ आहे म्हणून निभतंय.

पोसिदेओन महिना, चौथा दिवस

आज मी माझ्यावरच खूश आहे, आणि त्यात काही चूक आहे असं मला वाटत नाही.

रांजणाच्या पोटाला आतून कुंभाराच्या हाताच्या वळ्या आहेत. माझ्या हिशेबाने पीठ आतापर्यंत मधल्या वळीच्या खाली जायला हवं होतं. नाही गेलं! वळीच्या चांगलं वर आहे. माझा हात बसलाय आता, सांडत नाही, उधळत नाही. फानियासना दाखवलं तर म्हणाले, "शरीराला खरंच फार थोडं लागतं, मेलिन्ना. हे आपण वाचत आलो, तू करून दाखवलंस." दिवसभर माझे पाय जमिनीवर टेकत नव्हते.

संध्याकाळी भिंतीपलीकडचा तेलेसियास बोलायला आला. हा अकादमीवाला. त्यांचीही राई तोडली, आता चुलतभावाच्या घरात एकटा पडून असतो. कशालाच ठाम हो म्हणायचं नाही आणि नाही म्हणायचं नाही, हा त्यांचा धर्म. मी म्हटलं, "काय रे, भूक लागली का?"

"तसं वाटतंय खरं."

"अरे, वाटतंय काय? पोटात खड्डा पडलाय तुझ्या!"

"तसंही वाटतंय."

मेला! चार ऑलिव्हच्या बिया दिल्या त्याला चघळायला. बिया म्हणून हसला नाही, घेतल्या.

पोसिदेओन, नववा

अंगाची नुसती लाही होतेय. अक्षर वेडंवाकडं येतंय.

पहाटे उजाडताना हेदिस्तेसाठी पाणी आणायला उठले. मागच्या खोलीचं दार लोटलेलं. बघते तर लाम्पोन रांजणाशी. झाकण बाजूला, हात कोपरापर्यंत आत. माझी चाहूल लागताच दचकला. हात बाहेर काढला, बोटांना पीठ.

"उंदीर," म्हणाला. "उंदराचा आवाज आला म्हणून."

आणि हसला. ते त्याचं नेहमीचं, बाजारातलं, उरलेली मासळी ताजी म्हणून खपवणारं हसू.

 माझं तोंड, आणि गप्प! पाणी घेतलं आणि निघून आले. आता सगळं लख्ख दिसतंय. आम्ही सगळे वाळून काटक्या झालो. फानियासांची मान बघवत नाही. हेदिस्ते तर चादरीखाली आहे की नाही कळत नाही. आणि याचं पोट? आहे तिथेच आहे! थंडी म्हणून दोन दोन शाली पोटाला गुंडाळून हिंडतो, तरी लपतं होय? गालही सुटलेत, पायही भरलेत. कुठून येतंय ते? मी मूर्ख, माझा हात बसला म्हणून नाचत होते. खरं तर याची चोरी धरूनही पीठ उरत होतं, इतकी मी काटकसर केली होती.

पोसिदेओन, दहावा

आमच्यात रीत अशी आहे. मित्राची चूक दिसली तर पाठीमागे कुजबुजायचं नाही आणि पोटातही ठेवायची नाही. फानियासना सांगायची, मग ते सगळ्यांसमोर उघड बोलतात. शिक्षा नसते. वैद्याला दुखणं दाखवावं तसं. लपवलेली चूक आत सडते म्हणतात.

तरी जिवावर आलं. लाम्पोननेच मागच्या वर्षी मी तापाने फणफणले होते तेव्हा रात्रंदिवस उशाशी बसून मला मासळीबाजारातल्या शिव्या शिकवल्या होत्या. म्हणून आधी भिंतीशी जाऊन तेलेसियासला विचारलं. नाव न घेता सांगितलं. पण चौघांतला कोण, ते त्याला कळायला किती वेळ?

तो म्हणाला, "तू काय पाहिलंस?"

"चोरी करताना पाहिलं."

"तसं नव्हे. डोळ्यांनी काय पाहिलंस?"

"रांजणात हात. बोटांना पीठ."

"मग तेवढंच म्हण. हात काढायला गेला होता, घालायला गेला होता, उंदीर मारायला गेला होता, ते तू मागाहून जोडलंस."

"आमच्यात डोळे खोटं बोलत नाहीत," मी म्हटलं. "जे दिसतं ते खरं. हाच तर आमचा पाया आहे. तुमच्यासारखं नाही, घर जळताना धूर असावा की नसावा म्हणत बसायचं."

"डोळ्यांना मी कुठे नाव ठेवतोय, बाई?" म्हणाला आणि खोकत आत गेला.

यांना सगळ्यात फाटे फोडायचेत. रांजणात पीठ घालायला कोण जातं या दिवसांत! मी फानियासना सांगितलं.

पोसिदेओन, बारावा

झालं. अंगणात बसलो होतो, हेदिस्तेलाही उचलून आणली होती. फानियास शांतपणे म्हणाले, "लाम्पोन, तू मागच्या खोलीत काहीतरी करतोस ते आमच्यापासून लपवतोस. खरं आहे?"

लाम्पोनने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. त्याचाच मला जास्त राग आला.

"लपवतो हे खरं," तो म्हणाला.

"पोटासाठी?"

त्याने मग पोटावर थाप मारली. "हे बघता ना तुम्ही. दुसरं काय कारण असणार?"

फानियास बराच वेळ बोलले. गरज कुठली, हाव कुठली, हावेला तळ कसा नसतो. चांगलं बोलले. लाम्पोन मान खाली घालून ऐकत होता. शेवटी एवढंच म्हणाला, "मला घरातून काढू नका म्हणजे झालं."

"कुणी कुणाला काढत नाही," फानियास म्हणाले. "पण किल्ली आता मेलिन्नाकडे."

हेदिस्ते एकदम म्हणाली, "मला हे पटलेलं नाही." पण तिला हल्ली दिसत नाही नीट, आणि लाम्पोनवर तिचा पहिल्यापासून जीव. मागच्या खोलीला कुलूप घातलं. किल्ली गळ्यात आहे. आज शांत झोप लागेल.

पोसिदेओन, विसावा

विसावी केली. लाम्पोनलाही सगळ्यांएवढाच वाटा. कुणी विनोद केला नाही.

पोसिदेओन, पंचविसावा

हे काय होऊन बसलंय? पीठ मधल्या वळीच्या खाली गेलं. कुलूप घातल्यापासून ते आधीपेक्षा भराभर उतरतंय! कुलूप तसंच आहे, किल्ली माझ्या गळ्यात आहे, मी झोपते तीही दाराला पाठ लावून. मग? खिडकीचा गज हलवून पाहिला, पक्का आहे. उंदरांच्या लेंड्याही नाहीत.

तोच. कसा ते कळत नाही, पण तोच. बंदरावरचा माणूस, त्याला कुलुपांचं काय अवघड? आज तोंडावर विचारलं, "कसं काढतोस रे?"

"जादू आहे," म्हणाला. आवाज बारीक झालाय त्याचा. नाटकं.

गामेलिओन महिना, तिसरा दिवस

हेदिस्ते सुधारतेय! काल उठून भिंतीला टेकून बसली. आज बासरीचं नाव काढलं, तरुणपणी बासरी वाजवायची ना ती. मला म्हणाली, "पोरी, हल्ली तुझा हात सैल झालाय. वाडगा चांगला भरलेला असतो माझा."

मी म्हटलं, "आहे तेवढाच घालते."

"असेल," म्हणाली आणि हसली. बिचारीला अंदाज राहिला नाही.

एक मात्र खटकतंय. मी वाटा देऊन वळले की लाम्पोन तिच्याजवळ जाऊन बसतो. आपला वाडगा तिच्या वाडग्याशेजारी ठेवतो. पीठ कालवून देतो म्हणे तिला. एवढी माया अचानक? आंधळ्या बाईच्या ताटाशी बसायचं कारण काय, ते मला न कळायला मी काल जन्मले का?

गामेलिओन, पाचवा

सांगून टाकलं त्याला. "हेदिस्तेच्या वाडग्याजवळ दिसलास तर याद राख. मरणाऱ्या म्हातारीच्या तोंडचा घास काढतोस? माणूस आहेस की कोण?"

त्याचं तोंड पांढरं पडलं. मला वाटलं आता तरी काही बोलेल. ओठ हलले त्याचे. मग म्हणाला, "तू तिला थोडं जास्त घालशील?"

"सगळ्यांना सारखं. तुझ्यासाठी नियम मोडू?"

"नाही. नाहीच मोडणार तू," म्हणाला. त्यानंतर अंगणाच्या टोकाला, जुन्या हौदापाशी आपलं अंथरूण नेलं. वाडगा घेतो आणि तिकडे जातो. बरं झालं, निदान नजरेसमोरून टळला.

गामेलिओन, अकरावा

शहरात आता लोक चपला उकळून खातात. तेलाच्या चामडी बुधल्याही. गडावरच्या देवीचा दिवा तेलाअभावी विझला असं कळलं. आमच्या शहराचा जुलूमशहा मात्र गडावर बसून पितो, आणि वर म्हणवून घेतो बागवाला! तो आमच्यातला म्हणवतो याची मला उपासापेक्षा जास्त लाज वाटते. त्याला शाप द्यावा तर देवांना आमचं पडलेलं नाही, हे आम्हीच शिकवतो.

हेदिस्ते पुन्हा पडली. बसवत नाही तिला. पीठ शेवटच्या वळीवर आलंय. वीस तारखेला एपिक्युरसच्या जन्माच्या महिन्याची विसावी, वर्षातली सगळ्यात मोठी. त्या दिवशी वाढायला तरी काही उरेल की नाही, देव जाणे, म्हणजे कुणीच जाणत नाही.

लाम्पोन हौदापाशी बसलेला असतो. आज जवळून गेले तर मला हाक मारली. "मेलिन्ना, विसावीची काळजी करू नको. त्या दिवशीचं जेवण माझ्याकडून."

निर्लज्जपणाची हद्द झाली. "थू," मी म्हटलं. खरंच थुंकले. त्याच्या पायांजवळ. पाय केवढे सुजलेत त्याचे, बोट टेकवलं तर खळी पडेल असे.

तो म्हणाला, "एवढी थुंकी आहे तोंडात? मग तू टिकशील."

गामेलिओन, सोळावा

लाम्पोन सकाळी वाटा घ्यायला आला नाही. मला वाटलं रुसलाय. दुपारी फानियास गेले बघायला. तिथूनच हाक मारली मला, नुसती हाक, पुढे काही नाही.

गेला. हौदाला टेकून, बसल्या बसल्याच.

फानियास म्हणाले, मरण म्हणजे आपल्याला काहीच नाही. आपण असतो तेव्हा ते नसतं, ते असतं तेव्हा आपण नसतो. मी म्हटलं, हो. आमचं हे सगळ्यांचं पाठ आहे.

गामेलिओन, सतरावा

लिहायचंय. सगळं लिहायचं असं ठरलं होतं ना, मग लिहिते.

मयताला आंघोळ घालायचं काम बाईचं. मी एकटीच होते. वरची शाल काढली. खालची काढली. त्याच्या खाली चिंध्या होत्या. जाळ्याचे तुकडे, शिडाचं जुनं कापड, थरावर थर, दोरीने करकचून बांधलेले. सोडत गेले, सोडत गेले, आणि त्यांच्या मध्ये एक पिशवी लागली. चांगली भरलेली. तोंड सोडून पाहिलं तर सातूचं पीठ.

माझ्या तोंडून पहिलं काय निघालं ते लिहिते. मी म्हटलं, "सापडलास!"

मोठ्याने म्हटलं. मला आनंद झाला. मला खरंच आनंद झाला होता.

मग पिशवी बाजूला ठेवली आणि तो दिसला.

पोट नव्हतंच. पोटाच्या जागी खड्डा होता, पाठीच्या कण्याला चिकटलेला. बरगड्या, आणि त्यांच्यावर ताणलेली कातडी. खाली उपासाने सुजलेले पाय, वर तसंच सुजलेलं तोंड, आणि मधला माणूस गेलेला. आंघोळीसाठी मी त्याला एकटीने उचलला. मी, जिला आता पाण्याची घागर उचलत नाही.

चोरून खाणारा माणूस असा होतो का?

मी तिथेच बसले. पिशवीतलं पीठ हातात घेतलं. हौदापाशी गेल्यापासून मी त्याला जे वाटे घातले, ते सगळे होते त्यात. एकही त्याने खाल्ला नव्हता. मग त्याच्या आधीचे आठवले. हेदिस्तेचा भरलेला वाडगा. ती भिंतीला टेकून बसली ते दिवस, आणि मी त्याला हाकलल्यावर पुन्हा पडली ते. मग त्याच्याही आधीचं, रांजणाची मधली वळी, आणि माझा बसलेला हात, आणि फानियासांनी केलेलं कौतुक. कुलूप घातल्यावर पीठ भराभर का उतरलं तेही.

हात रांजणात होता. बोटांना पीठ होतं. माझे डोळे खोटं बोलले नाहीत.

गामेलिओन, अठरावा

वेशीबाहेर स्मशानात न्यायची सोय नाही. अंगणातच पुरला. फानियासना कुदळ पेलेना, तेलेसियास भिंतीवरून उतरून आला. दोघांनी मिळून जेमतेम खड्डा केला.

मी तेलेसियासला सगळं सांगितलं. म्हटलं, "तू बरोबर होतास. म्हण एकदा, बोल मला."

त्याने हातांची माती झटकली. "मी तसं म्हणणार नाही, बाई. मलाही ठाऊक नव्हतं. मी फक्त विचारत होतो." मग जाताना म्हणाला, "मलाही द्यायचा तो. भिंतीवरून, चिमूटभर. मला वाटायचं, तूच पाठवतेस."

फानियासना सांगितलं. ते म्हणाले, "मी त्याला सगळ्यांसमोर विचारलं. एकांतात विचारायला हवं होतं."

"तरी त्याने सांगितलं नसतं," मी म्हटलं. "तुम्हीच म्हणाला होतात, वाटा सोडणारा या घरात नको. म्हणून तर तो म्हणाला, घरातून काढू नका."

ते खड्ड्यावरची माती हाताने सारखी करू लागले. 

मग मी हेदिस्तेकडे गेले. तिच्या उशाशी बसून विचारलं, "तुला माहीत होतं?"

"वाडग्यात कुणी काय घातलं ते कळायला डोळे लागत नाहीत, पोरी. त्याच्या हाताला अजून खाऱ्या मासळीचा वास यायचा."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

"त्याने गळ घातली होती. आणि तू मला विचारलंस कुठे? तू येऊन सांगायचीस."

मला ओरडून रडावंसं वाटलं. रडले. आमच्यात मित्र मेला की रडायचं नाही असं नाही, थोडं रडायला मुभा आहे. थोडं म्हणजे किती ते कुठे लिहिलेलं नाही.

गामेलिओन, विसावा

सकाळपासून तटाच्या पश्चिम बाजूला धडका चालल्यात. घर हादरतं, भिंतीची माती पडते. फानियास म्हणाले, विसावी करायची. मी म्हटलं, करायचीच.

रांजणात खरवडायलाही काही उरलं नव्हतं. लाम्पोनची पिशवी काढली. पाणी घालून मळलं. माझ्या हातांना सवय आहे, हात मळत राहिले. पिठाला किंचित वास होता, त्याच्या अंगाचा. गोळे केले. तेलेसियासलाही बोलावलं. अकादमीवाला विसावीला आमच्या पंक्तीत बसायची ही पहिलीच वेळ असेल. पाचवं ताट रिकामं मांडलं नाही. आमच्यात मेलेल्याला भूक नसते.

रीत अशी की गेलेल्या मित्राची एक एक गोड आठवण सांगायची. गेलेल्या मित्राची आठवण गोड असते, असं आम्हाला शिकवलंय. हेदिस्तेने यंत्रांचा विनोद सांगितला आणि हसता हसता तिला खोकला लागला. तेलेसियासने भिंतीवरून येणारा हात सांगितला. फानियासनी सांगितलं, लाम्पोन पहिल्यांदा बागेत आला तेव्हा त्याने विचारलं होतं, इथे जेवायला काय असतं?

माझी पाळी आली. मी उभी राहिले. म्हटलं, मी त्याच्या पायांवर थुंकले आणि तो म्हणाला, मग तू टिकशील. एवढंच मला आठवतं, दुसरं काही येत नाही.

कुणी मला शांत केलं नाही, समजावलं नाही. त्याबद्दल मी त्यांची ऋणी आहे.

मग जेवलो. मला वाटलं होतं घास गिळवणार नाही, उलटी होईल, घशात अडकेल. मनातून मला तसंच व्हायला हवं होतं. पण पोट कितीतरी दिवसांचं उपाशी. पहिला घास तोंडात गेला आणि अंगभर सुख पसरलं, बोटांच्या टोकांपर्यंत. आमचा गुरू एपिक्युरस म्हणतो तसं, भुकेल्याला कोरडी भाकर मिळाली तर त्याहून मोठं सुख नाही.

खरं आहे ते. फार गोड लागलं. मी दुसरा गोळा मागून घेतला.